विकत घेतलेले घेणे

इसवी सनाच्या दुसऱ्या शतकात गायस नावाच्या रोमन कायदेशिक्षकाने विद्यार्थ्यांसाठी एक पाठ्यपुस्तक लिहिले. पुढे ते हरवले. १८१६ मध्ये नीबूर या जर्मन इतिहासकाराला ते व्हेरोनाच्या ग्रंथालयात सापडले. चर्मपत्रावरचा मूळ मजकूर खरवडून त्यावर संत जेरोमची पत्रे लिहिलेली होती आणि गायस त्या पत्रांच्या खाली दडलेला होता. पुस्तकाच्या दुसऱ्या भागात मालमत्ता एकाकडून दुसऱ्याकडे कशी जाते याचे विवेचन आहे. जमीन कशी जाते, गुलाम आणि बैल कसे जातात, वारसाहक्क कसा जातो हे सांगून झाल्यावर गायस येण्यापाशी पोहोचतो आणि तिथे त्याला वाट बदलावी लागते. मला कोणाकडून पैसे येणे आहेत आणि ते येणे मला तुमच्या नावे करायचे आहे. तर जमिनीला नि गुलामांना लागू पडणारा एकही मार्ग इथे चालणार नाही, असे तो स्वच्छ सांगतो.

आज ही अडचण समजणेच जड जाते. बँकेचे कर्ज भलत्याच कंपनीकडे गेल्याचे पत्र घरी येते, आयुर्विम्याची पॉलिसी तारण म्हणून लिहून दिली जाते, बांधकाम चालू असलेल्या इमारतीतला फ्लॅट ताबा मिळण्याआधी तिसऱ्याच्या नावावर होतो. करारातून मिळालेला हक्क विकता येतो, हे आपण गृहीत धरून चालतो. पण कायद्याला हे पूर्णपणे मान्य करायला दीड हजारांहून जास्त वर्षे लागली आणि त्या वाटेवर जवळजवळ प्रत्येक वळणावर एकच प्रश्न पुन्हा उभा राहिला: घेणेकरी बदलला, तर देणेकऱ्याचे काय?

रोमनांच्या दृष्टीने करार म्हणजे दोन ठरावीक माणसांमधली गाठ. ही कल्पना त्यांच्या इतिहासातूनच आलेली होती. जुन्या रोममध्ये कर्ज फेडले नाही तर कर्जदार स्वतःच सावकाराच्या ताब्यात जाई. त्याचे शरीर हेच तारण असे. इसवी सनपूर्व ३२६ च्या सुमारास पोएटेलियाच्या कायद्याने ही वेठ मोडून काढली, तरी ऋणाचा संबंध माणसाशी आहे ही जाणीव कायद्याच्या हाडीमासी राहिली. मी ज्याचे देणे लागतो तो दयाळू आहे की खुनशी, दोन महिने थांबणारा आहे की दारात माणसे बसवणारा, हे पाहून मी त्याच्याशी करार केला. माझ्या पाठीमागे त्याने ती गाठ सोडून दुसऱ्याच्या हाती दिली, तर मी केलेला करार तोच राहिला असे कसे म्हणायचे?

व्यापार मात्र थांबायला तयार नव्हता. गायस दोन वाटा सांगतो. पहिली अशी, की जुना करार मोडून देणेकऱ्याने नव्या घेणेकऱ्याला नव्याने वचन द्यायचे. म्हणजे देणेकऱ्याची संमती हवीच. दुसरी वाट अधिक चतुर होती. मूळ घेणेकऱ्याने खरेदीदाराला आपला मुखत्यार नेमायचे, मुखत्याराने धन्याच्या वतीने दावा लावायचा आणि वसूल झालेली रक्कम स्वतःकडे ठेवायची. हक्क कागदावर जागचा हलत नाही, पैसा मात्र हलतो. यात धोकाही होता. धनी मेला किंवा त्याने मुखत्यारपत्र मागे घेतले की खरेदीदार उघड्यावर पडे. हळूहळू रोमन न्यायव्यवस्थेने खरेदीदाराला स्वतःच्या नावाने दावा लावू दिला आणि देणेकऱ्याला नोटीस पोहोचल्यानंतर त्याने जुन्या धन्याला पैसे दिले तर ते फेडीत धरायचे नाहीत असेही ठरले.

हक्क विकता येऊ लागताच तो स्वस्तात विकत घेणारेही निघाले. वादात सापडलेले, वसूल होईल की नाही याची खात्री नसलेले येणे कवडीमोलाने घ्यायचे आणि मग आपल्या पैशाच्या व ओळखींच्या जोरावर देणेकऱ्याकडून पूर्ण रक्कम काढायची, हा कॉन्स्टँटिनोपलमध्ये धंदाच झाला. सम्राट अनास्तासियसने ५०६ मध्ये त्यावर एक फर्मान काढले. दुसऱ्याचे येणे विकत घेणाऱ्याला देणेकऱ्याकडून आपण मोजलेली किंमत आणि तिच्यावरचे व्याज एवढेच मागता येईल. त्यापलीकडे काही नाही. शंभराचे येणे वीसला घेतले असेल तर वीस आणि व्याज. पळवाट म्हणून लोक थोडा भाग विकत आणि उरलेला दान केल्याचे दाखवू लागले, तेव्हा जस्टिनियनने तीही बुजवली. करारकायद्याच्या सगळ्या इतिहासात इतका सरळ, इतका देणेकऱ्याच्या बाजूने उभा असलेला नियम मला दुसरा दिसलेला नाही. तो पुढे कुठे कुठे गेला ते पाहणे हेच या मागोव्याचे मुख्य काम आहे.

त्याआधी पूर्वेकडची वाट पाहिली पाहिजे, कारण आपल्या पेठांनी या प्रश्नाची तड न्यायालयात न जाता लावली होती. इस्लामी कायद्याने येणे तिऱ्हाइताला विकण्याबाबत हात आखडता घेतला. अनिश्चितता आणि व्याज या दोन्ही कारणांनी बहुतेक पंथांनी ते नाकारले. पण देणे दुसऱ्यावर सोपवण्याची ‘हवाला’ ही रीत त्याने पूर्ण विकसित केली. मराठी राज्यकारभारात ‘वरात’ होती. सरकारने सावकाराचे किंवा शिलेदाराचे देणे रोख न देता एखाद्या महालाच्या वसुलावर चिठ्ठी द्यायची, आणि वरातदाराने ती घेऊन तिथल्या कमाविसदाराच्या दारी जायचे. सरकारचे जे येणे रयतेकडून होते, त्याचा तेवढा तुकडा सरकारने आपल्या घेणेकऱ्याला तोडून दिला, असाच या चिठ्ठीचा अर्थ. वरातदार गावात येऊन बसला की त्याचा भार कोणावर पडे, हे वेगळे सांगायला नको.

हुंडीची घडण यापेक्षा कितीतरी नाजूक. दर्शनी हुंडी दाखवताच पैसे, मुदती हुंडीला ठरलेले दिवस. शहाजोग हुंडी हातोहात फिरे, पण पैसे घ्यायला शेवटी बाजारात पत असलेला ‘शहा’च लागे आणि हुंडी चोरीची किंवा बनावट निघाली तर घेतलेले पैसे परत करण्याची जबाबदारी त्याच्यावर असे. जोखमी हुंडीत तर विमाही मिसळलेला होता: गलबतातला माल सुखरूप पोहोचला तरच रक्कम देय. हुंडी हरवली तर पेठ निघे, तीही हरवली तर परपेठ. इथे हक्क माणसापासून सुटून कागदात उतरला होता, तरी कागद कोणत्या हातांतून फिरावा यावर बाजाराचे लक्ष होते. देणाऱ्याला दुसऱ्या टोकाला अनोळखी माणूस भेटला तरी त्याच्यामागे ओळखीची पेढी उभी असे. १८८१ चा निगोशिएबल इन्स्ट्रुमेंट्स ॲक्ट आला तेव्हा त्याच्या पहिल्याच कलमात देशी भाषांतल्या हुंड्यांच्या स्थानिक रिवाजांना धक्का लागणार नाही असे लिहावे लागले.

इंग्लंडने मात्र जुनी रोमन अडचण जवळजवळ पहिल्यापासून पुन्हा भोगली. १६१२ च्या लॅम्पेटच्या खटल्यात सर एडवर्ड कोकने सांगितले, की जे अजून हाती आलेले नाही, ज्यासाठी दावा लावावा लागेल, असे येणे परक्याला देता येऊ नये यातच पूर्वजांचे शहाणपण आहे. नाहीतर खटल्यांना ऊत येईल. ही भीती पोकळ नव्हती. मध्ययुगीन इंग्लंडमध्ये बडे सरदार दुसऱ्यांचे दावे आपल्या अंगावर घेऊन गरीब प्रतिपक्षाला चेपून काढत आणि त्यासाठी तेराव्या शतकापासून कायदे करावे लागले होते. अपवाद एकच, राजा. त्याला येणे घेताही येई आणि देताही येई. बाकीच्यांनी काय केले? मुखत्यारपत्र. गायसचे पुस्तक तेव्हा व्हेरोनात जेरोमच्या पत्रांखाली निपचित पडले होते, तरी इंग्लिश वकील नेमके त्याच युक्तीवर आले. कॉमन लॉची न्यायालये दारे बंद करून बसली तेव्हा चॅन्सरी न्यायालयाने खरेदीदाराचा हक्क मानायला सुरुवात केली आणि कित्येक पिढ्या एकाच देशात दोन न्यायालये एकाच कागदाबद्दल दोन गोष्टी सांगत राहिली. १८७३ च्या ज्युडिकेचर ॲक्टने त्यांना एकत्र आणले: लेखी हस्तांतर करा, देणेकऱ्याला लेखी नोटीस द्या, की खरेदीदार स्वतःच्या नावाने दावा लावू शकतो.

भारतात इंग्रजी अंमलाखाली संहिता बनत होत्या त्या याच सुमारास. १८७२ चा संविदा अधिनियम आला. त्यात हक्काच्या हस्तांतराचे स्वतंत्र प्रकरण नाही. १८७६ मध्ये प्रिव्ही कौन्सिलने रामकुमार कुंडू यांच्या खटल्यात ठरवले, की दुसऱ्याच्या दाव्यात पैसा गुंतवण्याविरुद्धचा इंग्लिश कायदा भारताला जसाच्या तसा लागू नाही. व्यवहार लुबाडणुकीचा असेल तरच न्यायालय तो अमलात आणायला नकार देईल.

त्याच्या आदल्याच वर्षी पुणे जिल्ह्यात वेगळाच निकाल लागला होता. १२ मे १८७५ रोजी सुपे गावच्या आठवडी बाजारात शेतकरी सावकारांवर चालून गेले आणि हे लोण पुणे व अहमदनगर जिल्ह्यांत पसरले. नंतर नेमलेल्या चौकशी आयोगाला दिसले ते असे, की माणसांना इजा करण्यापेक्षा लोकांचा रोख कागदांवर होता. कर्जखते मागायची, हुकूमनामे मागायचे आणि जाळायचे. १८५९ च्या मुदतीच्या कायद्यानंतर दर तीन वर्षांनी खत नवे करताना थकलेले व्याज मुद्दलात घातले जाई. खतावरच्या आकड्याचा आणि शेतकऱ्याने प्रत्यक्ष उचललेल्या रकमेचा संबंध पुसला गेला होता. न्यायालय खत पाही, खतामागची कहाणी पाहत नसे. १८७९ च्या डेक्कन ॲग्रिकल्चरिस्ट्स रिलीफ ॲक्टने न्यायाधीशाला ती कहाणी मुळापासून तपासायला लावली: पहिली रक्कम किती दिली, परत किती आले, व्याज कसे लागले. येण्याला इतिहास असतो आणि तो त्याच्या कागदापेक्षा मोठा असतो, ही गोष्ट आपल्याकडच्या कायद्यात शिरली ती जाळलेल्या खतांच्या वाटेने.

आता १८८२ चा मालमत्ता हस्तांतरण अधिनियम. त्याच्या आठव्या प्रकरणात वसूल करायच्या येण्यांचे, कायद्याच्या बोलीत ‘ॲक्शनेबल क्लेम’चे हस्तांतर येते. या प्रकरणातले मूळ कलम १३५ मी पहिल्यांदा वाचले तेव्हा क्षणभर विश्वास बसला नाही. त्यात म्हटले होते: असे येणे विकले गेले असेल, तर देणेकरी खरेदीदाराला त्याने मोजलेली किंमत, विक्रीचा खर्च आणि किमतीवरचे व्याज देऊन संपूर्ण मोकळा होतो. अनास्तासियसच्या फर्मानाचा हा भारतीय अवतार होता. मधला दुवाही दिसतो. १८०४ च्या फ्रेंच नागरी संहितेच्या कलम १६९९ मध्ये हाच नियम आहे आणि कलम १७०१ मध्ये त्याचे अपवाद आहेत: खरेदीदार सहवारस किंवा सहमालक असेल, घेणेकऱ्याने स्वतःच्या येण्याच्या फेडीत ते घेतले असेल, किंवा ज्या मालमत्तेवर वाद आहे तिचा तो कब्जेदार असेल. आपल्या कलम १३५ चे अपवाद त्याच क्रमाने जातात. फरक असा, की फ्रेंच नियम न्यायालयात वाद चालू असलेल्या येण्यापुरता आहे. भारतीय नियम त्याहून बराच रुंद होता, दावा लागलेला असो वा नसो.

मुंबई इलाख्याला हा अधिनियम सुरुवातीला लागू नव्हता. तो १ जानेवारी १८९३ पासून आला. आणि १९०० च्या दुसऱ्या क्रमांकाच्या अधिनियमाने आठवे प्रकरण सबंध नव्याने लिहिले गेले, तेव्हा जुने कलम १३५ गेले. त्या क्रमांकाखाली आज विमा पॉलिसीच्या हस्तांतराची तरतूद आहे. म्हणजे कॉन्स्टँटिनोपलचा तो नियम मुंबई इलाख्यात जेमतेम सात वर्षे जगला. घाऊक व्यापारात येणी रोज हात बदलतात. तिथे देणेकऱ्याला प्रत्येक वेळी खरेदीची किंमत विचारू देणे जड जाईल, हे मलाही पटते. पण त्यासाठी नियम आखूड करता आला असता. तो मुळासकट गेला.

त्याच्या जागी जे आले ते आजही चालू आहे. कलम १३० प्रमाणे हस्तांतर लेखी आणि सहीचे हवे. सही झाली की ते पूर्ण, देणेकऱ्याला नोटीस गेली असो वा नसो. मात्र नोटीस येईपर्यंत देणेकऱ्याने जुन्या धन्याला पैसे दिले तर ते वाया जात नाहीत. कलम १३२ प्रमाणे येण्याबरोबर त्याचे दोषही जातात: मूळ घेणेकरी माझे काही देणे लागत असेल तर ती वजावट मी नव्या घेणेकऱ्याकडूनही मागू शकतो, त्याला ते ठाऊक नसले तरी. कलम १३६ प्रमाणे न्यायाधीश, वकील आणि न्यायालयीन कर्मचारी यांना अशी येणी विकत घेता येत नाहीत. आणि कलम ६ प्रमाणे नुसता दावा लावण्याचा हक्क, ज्याच्या मागे मालमत्ता नाही, तो विकता येत नाही. मला झालेल्या मारहाणीची भरपाई मागायचा हक्क मी कोणाला विकू शकत नाही.

करारातून फक्त पैसेच येणे असतात असे नाही आणि तिथे प्रश्न जास्त गुंततो. केंट परगण्यातल्या टॉलहर्स्टने एका सिमेंट कंपनीला पन्नास वर्षे खडू-दगड पुरवायचे कबूल केले होते. कंपनीने आपला व्यवसाय एका मोठ्या कंपनीला विकला. १९०३ मध्ये हाउस ऑफ लॉर्ड्सने निकाल दिला, की टॉलहर्स्टने नव्या कंपनीलाही पुरवठा केला पाहिजे. खडू कोण जाळतो याने त्याचे काही बिघडत नाही. तीनच वर्षांनी केम्प विरुद्ध बेअर्सेलमन हा खटला आला. केकच्या एका कारखानदाराला वर्षभर लागतील तेवढी अंडी पुरवायचा करार होता. कारखाना दुसऱ्या कंपनीत विलीन झाला. इथे न्यायालयाने हस्तांतर नाकारले, कारण ‘लागतील तेवढी’ हे माप त्या एका माणसाच्या धंद्याचे होते. आपल्या संविदा अधिनियमाच्या कलम ४० ला जोडलेल्या उदाहरणात चित्रकार आहे: चित्र काढून देईन असे म्हटले की ते त्यानेच काढायचे.

पण या सगळ्यात मला सर्वांत महत्त्वाचा वाटतो तो नोक्स नावाच्या खाणकामगाराचा १९४० चा खटला. त्याची खाण कंपनी न्यायालयाच्या आदेशाने दुसऱ्या कंपनीत विलीन झाली. त्याला कोणी विचारले नाही. तो कामावर गेला नाही तेव्हा नव्या कंपनीने त्याच्यावर कारवाई केली. हाउस ऑफ लॉर्ड्सने कंपनीविरुद्ध निकाल दिला. कोणाची चाकरी करायची हे निवडण्याचा हक्क हाच नोकर आणि वेठबिगार यांच्यातला मुख्य फरक, अशा आशयाचे लॉर्ड ॲटकिन यांचे विधान तिथलेच. खडू, दगड, पैसे यांच्याबाबत कायदा सैल होत गेला, पण माणसाच्या श्रमापाशी आल्यावर तो थांबला. आपल्या सर्वोच्च न्यायालयाने १९८९ मध्ये हीच भूमिका घेतली. जवाहरलाल नेहरू विद्यापीठाचे इंफाळमधले केंद्र मणिपूर विद्यापीठाकडे सोपवले गेले तेव्हा तिथल्या प्राध्यापकाची नोकरी त्याच्या संमतीशिवाय त्याबरोबर जाऊ शकत नाही, असे न्यायालयाने सांगितले.

भारतातली सर्वसाधारण चौकट १९६२ च्या खर्दा कंपनी विरुद्ध रेमन या कलकत्त्याच्या ज्यूट-खटल्यात पक्की झाली. करारातले हक्क, ते व्यक्तिगत नसतील आणि करारानेच हस्तांतर नाकारलेले नसेल तर, देता येतात. करारातल्या जबाबदाऱ्या समोरच्याच्या संमतीशिवाय देता येत नाहीत. हस्तांतरबंदी शब्दांत लिहिलेली नसली तरी व्यवहाराच्या एकूण स्वरूपातून ती वाचता येते, हेही तिथेच ठरले. नंतर मुंबईत आयुर्विम्याच्या पॉलिसी विकत घेण्याचा धंदा उभा राहिला. आयुर्विमा महामंडळाने अशी हस्तांतरे नोंदवायला नकार दिला. मुंबई उच्च न्यायालयाने २००७ मध्ये पॉलिसी ही विकता येणारी मालमत्ता आहे असे म्हटले आणि सर्वोच्च न्यायालयानेही तेच उचलून धरले. पण २०१५ च्या दुरुस्तीने विमा कायद्याच्या कलम ३८ मध्ये शब्द आले: पॉलिसींचा व्यापार हा हेतू दिसला तर विमा कंपनी हस्तांतर नाकारू शकते. हक्क विकायला हरकत नाही, पण त्यांची गोदामे भरायला आहे, असा हा पवित्रा आहे. तो अनास्तासियसला ओळखीचा वाटला असता.

कर्जाच्या बाबतीत मात्र संसदेने उलटी दिशा धरली. २००२ च्या सरफेसी कायद्याने थकलेली कर्जे विकत घेणाऱ्या पुनर्रचना कंपन्यांना जागा दिली. एक बँक दुसऱ्या बँकेला अशी कर्जे विकू शकते का, या वादात गुजरात उच्च न्यायालयाने नकार दिला होता. २०१० मध्ये आयसीआयसीआय बँक विरुद्ध एपीएस स्टार इंडस्ट्रीज या खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने तो निकाल फिरवला. कर्ज ही बँकेची मालमत्ता आहे, ती विकायला कर्जदाराची संमती लागत नाही आणि कर्जदाराचे बचाव जसेच्या तसे राहतात, असा त्याचा आशय. २०२१ मध्ये रिझर्व्ह बँकेने कर्जांच्या हस्तांतराबाबत सविस्तर निर्देश दिले. बुडीत कर्जे बँकांच्या ताळेबंदातून बाहेर पडावीत यात लोकहित आहे, हे मला मान्य आहे. पण थकलेले कर्ज मूळ रकमेच्या काही अंशाला विकले जाते आणि खरेदीदार पूर्ण रकमेची मागणी करू शकतो. ती किंमत किती होती हे देणेकऱ्याला सांगायचे बंधन हस्तांतरण अधिनियमात नाही. तडजोडीच्या टेबलावर एका बाजूला तो आकडा माहीत असलेला माणूस बसतो, दुसऱ्या बाजूला माहीत नसलेला.

फ्रान्सच्या संहितेत कलम १६९९ अजून आहे. तिथेही बँका थकलेल्या कर्जांचे गठ्ठे फंडांना विकतात आणि तिथले देणेकरी न्यायालयात हे कलम पुढे करतात. गठ्ठ्यात माझ्या एका कर्जाची किंमत किती धरली, यावर तिथे वाद झडतात, आणि ती काढता येत असेल तरच देणेकऱ्याला सुटकेचा हक्क मिळतो. तेवढ्याने फ्रान्समधली कर्जबाजारपेठ बंद पडलेली नाही. आपल्याकडे १८८२ चे कलम १३५ जसेच्या तसे परत आणावे असे मी म्हणत नाही. पण देणेकरी एखादी व्यक्ती असेल, कंपनी नव्हे, कर्ज ठरावीक मर्यादेखालचे असेल आणि रकमेबद्दलचा वाद न्यायालयात किंवा कर्ज वसुली न्यायाधिकरणात चालू असेल, तर खरेदीची किंमत, खर्च आणि व्याज देऊन त्याला मोकळे होता यावे. अपवाद नव्याने शोधावे लागणार नाहीत. ते १८८२ च्या कलमात तयार आहेत. पहिली पायरी म्हणून हस्तांतराच्या नोटिशीत खरेदीची किंमत लिहिण्याची सक्ती रिझर्व्ह बँक आपल्या निर्देशांत घालू शकते.